सुधाकरभाऊंनी सोलायला घेतलेलं केळं

आई: सोलायला घेतलं रे त्यांनी. चांगलं देठाकडून धरून.

विपुल: पाहिलं मी.

आई: इच्छापूरचा माणूस. सगळी उमर केळीच्या बागेत गेली त्याची. आपली पोरगी द्यायची म्हणून घर पाहायला येते, अन् तू त्याच्यासमोर प्लास्टिकची केळी ठेवतो. तेही बऱ्हाणपुरात, केळीच्या गावात.

विपुल: हात सवयीनं गेला, आई. सेटवर खरी ठेवली तर दुपारपर्यंत काळी पडतात. हिरो दारातून आला तेव्हा पिवळी, सोफ्यावर बसला तर काळी. शिव्या मला पडतात.

आई: इथं कोणता हिरो येणार होता?

विपुल: ते काय म्हणाले पण?

आई: दाबून पाहिलं, परत ठेवलं. म्हणाले, पिकायला टाइम आहे.

विपुल: मग संपलं.

आई: टीव्हीत काम म्हटलं की कोणी दारात येत नाही. हे एक स्थळ आलं होतं. अन् माझी शिलाई मशीन कुठं गेली?

विपुल: दाराच्या मागं. सोफ्यावरून दिसत नाही. मी आधी बसून पाहिलं ना. पाहुण्यांना दिसंल तेवढंच लावलं.

आई: अन् पाहुणे उठले तर?

विपुल: सेटवर कोणी उठून मागं पाहत नाही. मागं कॅमेरा असतो.

आई: उठले ते. बाबांसोबत गच्चीवर गेले. त्यांची पोरगी पूर्णिमा खाली थांबली, म्हणे दोन मिनिटं बोलते. जा. अन् कशाला हात लावू नको आता.

(समोरची खोली. पूर्णिमा दाराच्या मागे वाकून पाहते आहे.)

पूर्णिमा: इथं तर पूर्ण घर आहे हो. मशीन, पिठाचा डबा, कूलर, कॅलेंडर.

विपुल: ते शॉटमध्ये येत नव्हतं.

पूर्णिमा: अन् हे घड्याळ बंद आहे.

विपुल: चालू ठेवत नाही आम्ही. शूटिंग लांबते, मग काटे जुळत नाहीत.

पूर्णिमा: पुस्तकं?

विपुल: काढू नका, प्लीज.

पूर्णिमा: मघाशीच काढलं एक. मागून बिस्किटाचं खोकं निघालं.

विपुल: पुठ्ठ्याचीच असतात ती.

पूर्णिमा: माझे मामा तर सांगत होते, पोरगा टीव्हीत डायरेक्टर आहे.

विपुल: आर्ट डायरेक्टर असतो एक. तो भिंती उभ्या करवतो. त्याच्या हाताखाली मी, सेट डेकोरेटर. मतलब पडदे, भांडी, उशा, सगळं सामान आणून लावणारा. नाव येतं माझं, एकदम शेवटी. तोपर्यंत लोक चॅनल बदलतात. आईसुद्धा बदलते.

पूर्णिमा: शिकले कुठं हे?

विपुल: कुठंच नाही. इथंच शनवारा मोहल्ल्यात मंडपवाल्याकडं खुर्च्या उचलायचो. मुंबईचे शूटिंगवाले आले, त्यांना गाद्या पाहिजे होत्या. गाद्या गाडीत भरल्या, त्यांच्यावर मी बसलो. गाद्या परत आल्या, मी राहिलो तिकडंच.

पूर्णिमा: अन् करता काय दिवसभर?

विपुल: उशीला खड्डा पाडतो. कपाला चहाचा डाग लावतो. घरात कोणीतरी राहतंय असं वाटलं पाहिजे ना. त्याचेच पैसे घेतो मी. अन् स्वतःचं घर असं लावलं की इथं कोणी राहतच नाही.

पूर्णिमा: आमचे बाबा हॉटेलात बसल्यासारखे बसले होते. केळं दिसलं, तेवढंच ओळखीचं वाटलं त्यांना.

विपुल: रागावले असतील.

पूर्णिमा: दुसरं एक खिशात टाकलंय. काकांना दाखवणार आहेत.

विपुल: मग तर नाहीच म्हणतील.

पूर्णिमा: त्यांनी माझ्यावर सोडलंय. एक विचारू? मुंबईत तुमची खोली आहे, तिथं काय काय लावलंय?

विपुल: खरं सांगू?

पूर्णिमा: सांगा. खोकं नको.

विपुल: एक गादी. भिंतीत एक खिळा.

पूर्णिमा: खिळ्याला काय?

विपुल: सध्या पँट.

पूर्णिमा: बस?

विपुल: दिवसभर दुसऱ्यांच्या भिंतींवर फोटो लावतो. खोलीत आलो की हात उचलवत नाही. अन् कोण पाहणार होतं तिथं.

पूर्णिमा: खिळा किती उंच आहे?

विपुल: माझा हात पोहोचेल एवढा. का?

पूर्णिमा: दुसरा थोडा खाली ठोका. तेवढ्या वर माझा नाही पोहोचणार.