घासलेली चोच

बाई : काचेला हात लावू नकोस. आधी सांग, हे कुणी केलं?

साहेब : बाई, जरा हळू. पाहुणे यायला लागलेत.

बाई : येऊ देत की! त्यांच्याही कानावर जाऊ दे. नऊ महिने भिंगाखाली सुईने टोकरून मी हा ब्रॅकिओपॉड, समुद्रातल्या कवचवाल्या जिवाचा जीवाश्म, दगडातून सोडवला. चष्म्याचा नंबर वाढला माझा. तुझ्या संग्रहालयात येऊन त्याला आठ दिवस झाले नाहीत, तर कवचाचं टोक, त्याची चोच, घासून सपाट? आणि भोकात लांबी भरलीये, खिडकीच्या चौकटीत भरतात तशी!

साहेब : सुतारानं केलं ते. त्याला वाटलं, तुटलेला आहे. मी बोललोय त्याला.

बाई : बोलाव त्याला.

साहेब : आत्ता? तीन वाजता उद्घाटन आहे.

बाई : मग भरपूर वेळ आहे.

सुतार : आलोच मी. बाईंचा आवाज पार जिन्यापर्यंत येतोय. काय झालं?

बाई : चाळीस कोटी वर्षांच्या जिवाला तुम्ही कानस लावलीत, हे झालं! कुणाला विचारायचं तरी होतंत.

सुतार : विचारलं ना. मी म्हटलं, साहेब, एवढं चांगलं घडलेलं आहे, कशाला हात लावायचा? तर मला चिठ्ठीच मिळाली. ही बघा. ‘दोन्ही बाजू एकसारख्या करणे. भोक बुजवणे.’ खाली सही.

(साहेब चिठ्ठी हातात घेत नाहीत.)

बाई : सही ओळखते मी. पाच वर्षं तुझे पेपर तपासलेत. म्हणजे करायचं तू आणि बिल फाडायचं याच्या नावावर?

साहेब : बाई, फोटोत तो फार बेढब दिसत होता. एक कवच मोठं, एक लहान, वर टोकाला भोक. लोक म्हणाले असते, फुटका माल मांडलाय.

बाई : बेढब! अरे, तीच त्याची ढब. परीक्षेत हाच प्रश्न आला होता तुला. काय लिहिलं होतंस?

साहेब : आता कुठलं आठवतंय.

बाई : मला आठवतंय. पैकीच्या पैकी दिले होते मी, आता परत घ्यावेसे वाटतात! आणि पाटीवर काय लिहिलंस? ‘प्राचीन शिंपला.’ लाज वाटायला हवी.

सुतार : शिंपला नाही हा? मला तर शिंपलाच वाटला.

बाई : तुम्हाला वाटणारच, तुमचा काय दोष? शिंपल्याची दोन कवचं म्हणजे डावा आणि उजवा तळहात. एकमेकांशी जुळतात, पण एकेकटं बघाल तर एका अंगाला कललेलं. ह्याचं नेमकं उलट. ह्याच्या कुठल्याही एका कवचावर मधोमध रेघ मारा, डावं-उजवं तंतोतंत सारखं. पण वरचं आणि खालचं कवच सारखं नाही.

सुतार : म्हणजे आपल्या अंगासारखं. डावं-उजवं सारखं, पण पोट आणि पाठ कुठं सारखी असते? माझंच बघा ना.

बाई : ऐकलंस? पदवी नसताना एका मिनिटात कळलं त्याला.

सुतार : आणि ते भोक?

बाई : त्यातून देठ बाहेर यायचा. त्या देठानं समुद्रतळाच्या खडकाला धरून हा जन्म काढायचा. आत पिसांसारखे दोन हात, पाण्यातलं अन्न गाळून घ्यायला. तुम्ही बुजवलंत ते भोक म्हणजे त्याचा पायच.

सुतार : अरे देवा. लांबी अजून पुरती सुकली नसेल. सुई द्या, काढतो.

बाई : थांबा, मी काढते. तुम्ही दिवा धरा. अजून खाली. हां… सुटतेय. निघाली. भोकाची कड शाबूत आहे, नशीब.

साहेब : आणि चोच?

बाई : चोच गेली. ती आता कुणाच्या बापाला आणता येणार नाही.

साहेब : दुसरा नमुना ठेवू का? हा कपाटात राहील, कुणाला कळणारही नाही.

बाई : हाच राहणार. आणि पाटी बदलणार. जे झालं ते लिहायचं.

साहेब : पाहुण्यांसमोर? माझी खुर्ची जाईल, बाई.

बाई : चिठ्ठी लिहिताना याच्या रोजगाराचा विचार केला होतास?

साहेब : …नाही.

बाई : मग?

साहेब : पेन द्या. ‘ब्रॅकिओपॉड. मोठ्या कवचाची चोच आमच्याकडून…’

बाई : आमच्या कोणाच्या? मी नव्हते त्यात.

साहेब : ‘…संग्रहालय प्रमुखांच्या लेखी सूचनेवरून घासली गेली.’ झालं?

सुतार : साहेब, कानस माझ्या हातात होती. मनाला पटत नव्हतं, तरी चालवली. माझंही लिहा.

साहेब : पाटीवर जागा नाही उरली.

सुतार : मोठी करून आणतो.