लहानू साळवे खेळला होता

मंडळी,

दुष्काळाचं वर्ष आहे. हातातलं काम टाकून तुम्ही एवढे लोक आलात. मी कारखान्यातला साधा फिटर, मला भाषणाची सवय नाही. समोर लहानूची बायको चंद्रभागा बसली आहे, शेजारी त्याची मुलगी सुमन. त्यांच्याकडे बघून बोलणं जड जातंय. पण गप्प बसणं त्याहून जड जाईल.

परवा पाझर तलावाच्या कामावर खडी फोडताना लहानूच्या छातीत कळ आली आणि तो तिथंच गेला. आत्ता या शोकसभेचे अध्यक्ष, कारखान्याचे क्रीडा अधिकारी वसंतराव, म्हणाले की लहानू साळवे हा कबड्डी मंडळाचा हितचिंतक होता. मैदान आखून द्यायचा. खरं आहे. मैदान तोच आखायचा. पण आखून झाल्यावर तो बाहेर बसत नव्हता, मंडळी. आत यायचा. आणि तो आत आला की समोरचा संघ मागं सरकायचा.

मी डावा कोपरा धरायचो. चढाईला निघताना लहानू माझ्या कानाशी यायचा. "दादा, त्यो उंच गडी हाय ना, त्यो पाय लई म्होरं टाकतो. म्या उजव्या अंगानं जाऊन त्याला चिडवतो. मंग त्यो चढाईला आला की तुमी त्याचा घोटा सोडू नगा." आणि अगदी तसंच व्हायचं. कोण घाबरलाय, कोणाचा दम संपत आलाय, कोणाला कधी पुढं पाठवायचं, सगळं त्याच्या डोक्यात. आम्ही सात जण होतो, डोकं त्याचं एकट्याचं होतं.

मग ऑफिसातल्या काचेच्या कपाटात एवढ्या ढाली आहेत, त्यातल्या एकीवरही लहानूचं नाव का नाही? तरुण पोरांना माहीत नसेल, म्हणून सांगतो. कारखान्यांच्या स्पर्धेत फक्त कायम कामगार खेळायचे, असा नियम. लहानू चरकाच्या गव्हाणीवर ऊस टाकायचा, हंगामी. वसंतराव कायम होते, टाइमकीपर. त्यांनी आयुष्यात कधी चड्डी घालून मैदानात पाय ठेवला नाही. पण ते संचालकांचे पुतणे. म्हणून ठरलं, की खेळायचं लहानूनं आणि नाव लावायचं वसंतरावांचं. लहानूला सांगितलं, "तू फकस्त खेळ. म्होरच्या गळिताला तुला कायम करतो." पुढचं गळीत आलं आणि गेलं. मग त्याच्या पुढचं. दरवर्षी तेच वाक्य, दरवर्षी तीच मान डोलावणं.

नगरच्या मैदानावर कर्णा ओरडायचा, वसंतराव चढाईला. लोक ओरडायचे, वाहवा वसंतराव. आणि आमचे वसंतराव पहिल्या रांगेत गॉगल लावून बसलेले असायचे. टाळ्या वाजवायचे. स्वतःच्याच नावाला.

अजून एक सांगतो. कडू आहे, पण सांगतो. नगरला लहानू आमच्या पंगतीत जेवायचा. एका तांब्यातलं पाणी प्यायचा. कारण तिथं तो साळवे नव्हता, तिथं तो संचालकांचा पुतण्या होता. परत येताना गाडीनं नगरच्या वेशीवरचं केडगाव मागं टाकलं की तो आपणहून उठून मागच्या फळीवर जाऊन बसायचा. गावात शिरल्यावर त्याच्या ओंजळीत वरून पाणी ओतायचे. ज्याच्या अंगावर आम्ही दिवसभर उड्या घेतल्या, ज्याला मिठ्या मारल्या, त्याला. हे कोणी ठरवलं होतं? कोणीच नाही. ठरवायची गरजच पडली नाही.

मग तो अंतिम सामना. राहुरीकडच्या संघाशी. तिघांनी लहानूला धरलं, त्याचा गुडघा फिरला, तरी तोंडातला दम न सोडता तो सरपटत मध्यरेषेवर आला आणि तिथं हात टेकवला. ढाल आपली झाली. गुडघा लहानूचा गेला होता. दवाखान्याच्या कागदावर तो वसंतरावांचा गेला. भरपगारी रजा वसंतरावांनी घेतली. लहानूच्या गुडघ्याला चंद्रभागेनं हळद आणि तेल चोळलं.

कोणी हसलं का मागं? हसा. हसण्यासारखंच आहे ते.

त्या ढालींच्या जोरावर वसंतराव क्रीडा अधिकारी झाले. लहानूला उसाची मोळी उचलवेना, म्हणून गव्हाणीवरून त्याला काढलं. ज्या पायानं आपण नगर जिंकलं, तो पाय पसरून तो खडी फोडत बसला.

गेल्या महिन्यात मी त्याला कामावर भेटलो होतो. विचारलं, "लहानू, राग येत नाही का रे?" हातोडा खाली ठेवून म्हणाला, "दादा, रागाचं काय न्हाई. पर पोरीला सांगाय गेलो, तुजा बाप नगरला खेळायचा, तर ती म्हनली, आबा, खोटं बोलू नगा. साळंतल्या पोरींसंगट ती कपाट बघून आल्ती. तिथं माजं नाव न्हाई ना." मग हातोडा परत उचलत म्हणाला, "तुमी तिला सांगाल का कवातरी? तुमचं ऐकंल ती."

मी हो म्हणालो. लवकरच येतो म्हणालो. त्यानं परवापर्यंत वाट बघितली.

मंडळी, आता दोन मिनिटं उभं राहायचं. पण सगळ्यांनी उठू नका. ज्यांनी लहानू भिवा साळवेला स्वतःच्या डोळ्यांनी खेळताना पाहिलंय, तेवढेच उठा. बाकीचे बसून राहिले तरी त्यात त्याचा अपमान नाही.

सुमन, पोरी, मागं वळून बघ. कोण कोण उठतंय, नीट बघून घे.

वसंतराव, तुम्ही सगळे सामने पाहिलेत. अगदी पहिल्या रांगेतून. तुम्ही उठेपर्यंत आम्ही थांबलोय.