शिळेवरचा पाय

— नाही, माफी मागू नका, तुम्ही मागितलीत की मला 'असू दे' म्हणावं लागतं आणि आज मला ते म्हणायचं नाही. उभेच राहा. खुर्चीवर माझे कपडे आहेत, बादलीत ओली माती आहे — कलादालनाचे व्यवस्थापक असलात म्हणून पँट काही वाचायची नाही. आणि छताकडे काय बघताय? काल सगळ्यांनी पाहिलंय हे अंग, तुम्हीच तिकिटं फाडलीत. मी बोलता बोलता माती लावते, लोक यायची वेळ झाली.

एवढंच सांगा, त्या पाहुण्यांना माझ्यावर पाय ठेवायला कुणी सांगितलं? तुम्हीच, दुसरं कोण — मानाचे पाहुणे, त्यांच्या हस्ते काहीतरी व्हायला हवं, फीत कापून झालेली, मग उरलं काय, तर मी. गोष्ट तुम्हाला ठाऊकच — नवऱ्यानं शाप दिला, बायकोची शिळा झाली, थोर पुरुषाचा पाय लागला आणि ती परत बाई झाली. तुम्हाला वाटलं, बाई बसलीय खरी शिळा होऊन, पण पाय कुठाय? विसरली बिचारी. म्हणजे माझी चूक तुम्ही दुरुस्त केलीत. उपकार झाले.

अहो, पाय नाही हाच तर प्रयोग आहे. अंगभर माती थापून मी बसते, ती वाळते, आणि मग नुसत्या श्वासानं तिला तडे जातात — आधी पोटावर, लेकीच्या वेळचे टाके आहेत तिथं, मग बरगड्यांवर, मग गळ्याशी. मातीत तेल घातलं तर तडे जात नाहीत, म्हणून मी घालत नाही, कातडी सोलवटते तरी घालत नाही. आतून फुटायचं आणि आपलं आपण उठायचं, कुणी उठवायचं नाही — किती महिने हाच एक श्वास बसवत होते मी. आणि काल पोटावर पहिली रेघ उमटते न उमटते तोच ते गृहस्थ मोजे काढून आले, मांडीवर पाय ठेवला, आणि टाळ्या.

मग उठलात कशाला? बरोबर विचारलंत. तिथंच तर पेटलीय मी. उठायचं नव्हतं हो मला — पाय लागला आणि उठले. गुडघे आपोआप सरळ झाले. वर हसले त्यांच्याकडे बघून, शहाण्या मुलीसारखी. आमची आई अशी उठायची. वडिलांना संशय यायचा — मास्तरांवरून, शेजाऱ्यावरून, कशावरूनही — मग ते अबोला धरायचे, की ही मागच्या खोलीत बसून, आम्ही पोरांनी कितीही हाका मारल्या तरी हूं नाही की चूं नाही. आणि एक दिवस ते दारात येऊन म्हणायचे, 'झालं गेलं, चल, वाढ.' की उठली. हसत, केस सारखे करत. मला वाटायचं, एकदा तरी बसून राहा गं, एकदा तरी म्हण, नाही वाढत. आणि काल माझी लेक पुढच्या रांगेत होती. तिनंही टाळ्या वाजवल्या. घरी जाताना म्हणते, 'आई, ते काका आले नसते तर तुला उठताच आलं नसतं का गं?' आज पुन्हा येतेय ती, मीच बोलावलंय — पण हे मी तुम्हाला का सांगतेय? सोडा. तुमचा काय संबंध.

काय म्हणालात? आजही? बाहेर बूट काढून बसलेत? कालचे पाहुणे नाहीत, दुसरे. वा. म्हणजे माफी मागायला नव्हताच आलात तुम्ही, कळवायला आला होतात.

सांगा त्यांना, बूट घाला आणि बाकीच्यांसारखं खुर्चीत बसा. नसेल जमत सांगायला तर नका सांगू, येऊ दे, ठेवू दे पाय, दोन्ही ठेवू दे. टाळ्या वाजवा, दिवे घालवा, दालनाला कुलूप लावा. माझं मला उठावंसं वाटेपर्यंत मी उठायची नाही, आणि माझी लेक तोवर थांबेल, तिला मी सांगून ठेवलंय.

पाठ? हो, पाठीला माती लावायची राहिलीय. — नको. हात मागे घ्या. पोचतो माझा हात.

जा तुम्ही.