बारवंतलं गिऱ्हाईक

...आन् वर तोंड करून मलाच म्हनतो, "केशरबाई, पोचा आधीच व्हता की!" आधीच? बायांनो, लग्नाची भांडी भाड्यानं देऊन माजे केस पिकले, माज्या डेगीला कुठं काय हाय ते मला ठावं न्हाई व्हय? धर्मापुरीच्या तात्याबाच्या पोरीचं लगीन, वऱ्हाडी डेग पालथी घालून तिच्यावर नाचले, आन् पोचा म्हनं आधीचा! मी म्हनते, दिलं तसं परत येतं का कदी? न्हाई!

ह्या तात्याबाची खोड जुनीच. त्येच्या गावच्या बारवंत साती आसरा ऱ्हातात, पान्यातल्या. आदी कुनाकडं लगीन निगालं की पायरीवर हळदकुंकू ठिवायचं, "आसरांनो, भांडी द्या" म्हनायचं, की सकाळी हंडे-पराती पायरीवर तयार! फुकट! मग माज्याकडं कशाला कोन येतंय? पर तात्याबानं थोरल्या पोराच्या लग्नात त्यांची एक परात दडवली. झालं! बारवंनं देनं बंद केलं, आन् माजा धंदा तरारला. खोटं कशाला बोलू, मनातल्या मनात मी तात्याबाच्या तोंडात साखर घातली!

मग एका टळटळीत दुपारी दारात बाई उभी. हिरवं लुगडं, पदरातनं पानी टपटप... आमाला प्यायला पानी न्हाई, आन् ही वली चिंब! कुत्रं भुंकायचं सोडून चुलीमागं. "डेग पायजे, घरात लगीन हाय." म्हनलं, "गाव कोनतं, बाई?" "धर्मापुरीची बारव. आमची परात लोकांनी ठिवून घेतली, आता आमालाच भाड्यानं न्यावं लागतंय!"

आता सांगा, दारात आलेल्या गिऱ्हाइकाला न्हाई म्हनावं का? चौघांना न उचलनारी डेग, हिनं एका हातानं डोक्यावर घेतली. मागं पावलं न्हाईत... नुसती शेवाळाची वळ.

आवो, डेग आमच्या मालकांची! त्येंनी जाताना तेवढीच मागं ठिवली. काठावर त्येंचं नाव कोरलेलं, सुग्रीव. मला वाचता येत न्हाई, पर बोट फिरवलं की मानूस शेजारी बसल्यावानी वाटायचं. तीच गेली तर मी खाऊ काय? निजाम सरकारच्या कचेरीत फिर्याद करू, बारवंवर?

पर आली! दुसऱ्या दिशी दुपारीच, दारात, सोन्यावानी घासलेली. तात्याबाचा पोचा बी गायब! बुडाशी ऊन ऊन गोड भात... रिकामं भांडं परत देऊ न्हाई, एवढी रीत त्यांना! म्हनलं, गिऱ्हाईक असावं तर असं. लाडानं काठावर बोट फिरवलं... गुळगुळीत. नाव न्हाई. घासून काढलेलं. दिलं तसं परत येतं का कदी?

तरी पुन्ना दिली. पोट हाय ना! आन् काल दुपारी तीच बाई, एकटीच, डेगीबिगर. "केशरबाई, पंगतीला वाढनारी बाई कमी पडती. तुमी चला."

"मी काय भाड्यानं मिळते व्हय गं?"

"तुमची डेग तिथंच हाय," म्हनली, गोड हसली. "आन् आमी नेलेलं परत आनतोच की. घासूनपुसून."

तर निगाले मी, बायांनो. येईन परत, लई इमानदार लोक हायेत. कमरंतला बाक जाईल, सुरकुत्या जातील... फकस्त दारात कोनी वली बाई आली, लख्ख, आन् तिला सोताचं नाव सांगता येईना, तर तुमीच सांगा तिला, केशर म्हनून. पर आदी डोक्यावरची डेग उतरून घ्या गं... पोचा पडंल!