बोटीचं तेल

—नाही देवूभाऊ, तेलात तेल मिसळलं तर काय बिघडतं, हे निदान तुम्ही तरी म्हणू नका. गॅरेज चालवता तुम्ही. हे वाक्य ऐकायला मला बोईसरपर्यंत यायची गरज नव्हती, आमच्या घरी ते आमटीबरोबर वाढतात. माझे सासरे, धर्माजी, मुरबे गावचे. तीस वर्षं बोट चालवली — बंदरावर त्यांना बघून माणसं उठून उभी राहतात, राहू देत — पण बोटीचं डिझेल इंजिन वेगळं आणि माझी ही पेट्रोलची छोटी गाडी वेगळी, हे त्यांना सांगणार कोण? चार महिन्यांची सून? त्यांच्याकडे रीतच आहे — हंगाम संपला की सगळ्या डब्यांचा तळ एका कॅनमध्ये निथळवायचा. बोटीचं, जुन्या पंपाचं, दिराच्या बाइकचं. तेल म्हणजे लक्ष्मी, टाकू नये. तर ती लक्ष्मी माझ्या इंजिनात शिरली, तेल मोजायच्या दांडीवरच्या खुणेच्याही बोटभर वर. मग म्हणतात, ‘दर्यात चालतं, तर रस्त्यावर नाय चालनार?’ आणि जितेश — माझा नवरा, शिकलेला माणूस, कारखान्यात मशिनरी सांभाळतो — हसला.

मी काय करते, विचारा ना. तारापूरला लॅबमध्ये तेलाचा दाटपणा मोजते. दिवसभर तेच. मोठमोठ्या कंपन्यांना माझी सही चालते, घरात माझा शब्द चालत नाही. गाडी माझ्या पगाराची. मी सुटते तेव्हा मुरब्याकडे बस नसते, म्हणून लग्नाआधीच ठरलेलं — गाडी आहे तोवर नोकरी. ती बंद पडली तर नोकरी सोडून घरीच राहा, असं सासूबाई कालच म्हणाल्या. किती मायेने म्हणाल्या.

तेव्हाच का नाही बोलले? अहो, पडवीत उभीच होते की मी. कॅन तिरका झाला तेव्हा एक शब्द पुरला असता — पण म्हटलं, ओतू देत. एकदा लाल दिवा लागू दे, सगळ्यांसमोर तोंडघशी पडू देत. अकरा दिवस चालवली तशीच, खडखड ऐकत. थोडं तेल लॅबमध्ये नेऊन तपासलंही. रिपोर्ट आहे पर्समध्ये, शिक्क्यासकट. वेळ आली की ठेवणार होते त्यांच्या ताटाशेजारी —

काय? इंजिन पूर्ण खोलावं लागेल? किती दिवस?

महिना?

... माझ्याकडे असं बघू नका. गाडी माझी आहे. खोला.