रविवारचा फोन

माजी सैनिकांच्या दवाखान्यात माझ्या मागच्या बाकावर एक जोडपं बसलं होतं.

"डेल, आज तरी डॉक्टरांना सांग, घरी तू तोंडच उघडत नाहीस म्हणून."

"काय बोलू, नोरीन?"

"लढाईवरून दर रविवारी फोन करायचास. कुत्रा जेवला का, छत गळतंय का, मी काय घातलंय. लाइन तुटेपर्यंत बोलायचास."

"तेव्हा सोपं होतं. तू लांब होतीस."

"आणि आता?"

तो उठला.

"कुठे निघालास? आपला नंबर येईल."

"गाडीत बसतो जरा."

काचेतून तो गाडीत बसलेला दिसत होता. थोड्या वेळानं त्यानं फोन कानाला लावला आणि मागे तिचा वाजला.

"हॅलो... हो, येतंय ऐकू. कुत्रा जेवला. छत अजून गळतंय. निळा स्वेटर घातलाय, तुझाच."

मग बराच वेळ ती नुसतं ऐकत होती.

"डेल, तू घरी कधी येतोयस?"