कोपऱ्यातलं नाव

...नाई नाई, मले आधी सांगा, आपलं नाव लिवनं हा गुन्हा हाये का? बसा जरा, तुमाले सांगतो, नाईतं तुमी बी म्हनसान का भैय्यालाल पेंटर म्हातारपनी चळला. अवो, चाळीस साल या लाखांदुरात पाट्या रंगवल्या! किराना, सलून, खताचं दुकान, जयंतीचं ब्यानर, सारं या हातानं. अन् पेंटर लोकायचा कायदाच असते, पाटी झाली का खालच्या कोपऱ्यात आपलं नाव टाकाचं. मी टाकत होतो : 'भैय्या आर्ट, बसस्टँडमागे, लाखांदूर. येथे नंबर प्लेट बनवून मिळतील.' झोपेत बी टाकीन! हाताले सवय, त मी का करू?

त झालं का... पस्तीस साल झाले असतीन. कैलाशसेठ आला. त्याचा तुमसरले लग्नपत्रिकेचा छापखाना. इकडंतिकडं पाह्यलन अन् कानात म्हनते, "भैय्या, चित्रायचं पुस्तक काढाचं हाये. चाळीस पानं. मोठ्या मानसाईचं." मी म्हनलो, मोठ्या मानसाईचं म्हंजे शेतीचं का? "अबे तसं नाई... तसलं!" आता बाप्पा, मले हत्ती येत, बैलजोडी येत, नाटकाचे पडदे रंगवून रंगवून जंगल त डोळे मिटून येत, पन बाई काढाले बसलो अन् घामच सुटला! मंगलाबाईले, म्हंजे माह्या बायकोले, विचाराची त सोयच नोती. मंग का, त्या बाईले नदीवर नेली, गळ्यावरी पान्यात बसवली, अन् भोवताल झाडं काढत गेलो. चाळीस पानाईत चौतीस पानं नुसता मोहा अन् साग! सेठ बोंबलला, "हे का वनखात्यासाठी काढून राह्यला का बे?"

तरी छापलन. ना लेखकाचं नाव, ना छापखान्याचं, ना गावाचं. पंचांगाखाली दाबून इकाचं. एवढं लपवाछपवीचं काम... अन् शेवटच्या पानावर, खाली कोपऱ्यात, सुबक अक्षरात : 'भैय्या आर्ट, बसस्टँडमागे...' नंबर प्लेटीसकट! हाताले सवय, त मी का करू?

हवालदार आला त त्यानं पत्ता बी विचारला नाई कोनाले, सरळ दुकानात! "हे तुमीच काढलं?" मी म्हनलो, नाई जी. त्यानं माह्या डोक्यावरच्या पाटीकडं पाह्यलन. मंग अश्लील पान शोधाले बसला, रजिस्टरात लिवाचं होतं ना! अर्धा घंटा पुस्तक उलटंपालटं केलन अन् वैतागून म्हनते, "याच्यात बाई हाये कोठी?" चहा पेलन, फटफटीची नंबर प्लेट रंगवून घेतलन, अन् गेला!

पन गाव ऐकते का? सभा भरली. मंगरू पाटील छाती ठोकून म्हनते, "आमी असलं पुस्तक हातात बी धरत नाई! सतराव्या पानावर त हद्दच केली!" मांगून कोनीतरी बोललं, "सतरा नाई, एकोनीस!" दोघंबी हमरीतुमरीवर आले! वाचलं कोनीच नोतं, पन पानं सगळ्याईले तोंडपाठ. अन् फैसला का? भैय्याले कोनी पाटी द्याची नाई. दोन साल, बाप्पा! मंगलाबाईनं लोकाईच्या बांधीत चिखलात धानाचा रोवना करून घर चालवलन. मले बोलली त एकच, "काढली त काढली, नाव कायले टाकलं वो?" आता तिले का सांगू? हाताले सवय!

मंग फ्लेक्स आले, ब्रश वाळला, लोकं इसरले. अन् मांगच्या महिन्यात नागपुरावरून एक पोट्टी आली, रीना म्याडम, असल्या चोरट्या पुस्तकाईवर पीएचडी करून राह्यली. आपल्या शुद्ध भाषेत म्हनते, "काका, अशी तीनशे पुस्तकं जमवली मी, एकावरही चित्रकाराचं नाव नाही. फक्त तुम्हीच लिहिलंत! केवढं धाडस!" धाडस! मी हो म्हनलो, तिचं मन कायले मोडा? म्हने नागपूरले प्रदर्शन हाये, तुमचं शेवटचं पान भिंतीवर मोठं करून लावतो, नावासकट. खरं सांगतो, त्या दिवशी मले जेवन गेलं नाई. जिंदगीभर दुसऱ्याईचे नावं हात हात भर लिवले, आपलं बोटभर, कोपऱ्यात. पहिल्यांदा कोनी म्हनलं का नाव पाहिजे!

त माहा पोरगा अश्वजित आडवा आला. हेडमास्तर हाये ना! "बाबा, शाळेतले पोट्टे का म्हनतीन? चित्र लागू द्या, पन नाव नोको!" आठ दिवस घरात भांडन. मी म्हनलो, नाव नाई त चित्र बी नाई! मंगलाबाई पोराले म्हनते, "जाऊ दे ना त्याईले, दोन साल चिखलात मी उभी होती, तू नोता." पोरगा उठून शाळेत निंगून गेला. मले वाटलं, मानला.

इस्तरीचा शर्ट घातला, पहिली यष्टी धरली, नागपूरले गेलो. हा एवढा हॉल! अन् भिंतीवर माहं पान, माह्याहून उंच! नदी दिसे, मोहा दिसे, पान्यातली बाई बी साफ दिसे... अन् खाली कोपऱ्यात, नावावर, काळी पट्टी! म्याडम म्हनते, "काका, अश्वजित सरांचा फोन आला होता, घरच्यांना त्रास नको म्हणून..." डोळ्यात पानीच आलं, बाप्पा. पस्तीस सालाआधी हवालदार, पाटील, सारं गाव पुस्तकात घान शोधत होतं, कोनाले सापडली नोती. नागपूरवाल्याईनं बरोबर पट्टी लावून दाखवली!

अन् पट्टी बी का, त वाकडी! मलेच सांगतलं असतं, त सरळ ओढून देल्ली असती.